शब्दचर्चा : ‘गॉथ’, ‘गॉथिक’ आणि ‘गॉथांची आक्रमणे’

विचारणा

रोमन साम्राज्याच्या ऱ्हासावरील एका दीर्घ लेखाचा मराठी अनुवाद सध्या माझ्याकडे तपासणीसाठी आहे. अनुवादकाने तिसऱ्या ते सहाव्या शतकापर्यंतच्या सर्व घटनांना सरसकट ‘गॉथिक आक्रमणे’ म्हटले आहे, आणि त्याच लेखाच्या उत्तरार्धात ‘गॉथिक कमानी’ व ‘गॉथिक कादंबरी’ हे शब्दप्रयोगही आले आहेत. कादंबऱ्या गॉथ या प्राचीन जर्मानिक टोळ्यांच्या लोकांनी लिहिल्या होत्या, असा वाचकाचा समज होण्याची भीती वाटते. ‘आक्रमण’ हा शब्द सगळीकडे चालेल का, आणि ‘गॉथिक’ हे विशेषण नेमके कोठे वापरावे, याविषयी जाणकारांनी मत द्यावे.

प्रतिसाद

‘गॉथिक आक्रमणे’ या जोडीतील दोन्ही शब्द अडचणीचे आहेत, आणि त्यांतला ‘आक्रमण’ हा अधिक. तीनशे वर्षांत वेगवेगळ्या कारणांनी घडलेल्या घटनांना एकच नाव दिले की त्यांच्यामागे एकच हेतू होता असे वाटू लागते. प्रत्यक्षात तसे नव्हते, आणि सुदैवाने आपल्या भाषेत या प्रत्येक प्रकारासाठी निराळा शब्द तयार आहे.

तिसऱ्या शतकात काळ्या समुद्राच्या उत्तरेकडून येणारे गॉथ डॅन्यूब नदी ओलांडत, बाल्कन प्रदेशातील शहरे लुटत आणि लुटीसह माघारी जात. याला ‘धाड’ किंवा ‘स्वारी’ म्हणणे योग्य. इ. स. २५१ मध्ये अब्रिटसजवळ क्निवा या गॉथ नायकाने सम्राट डेशियसचा पराभव केला आणि सम्राट रणात पडला. परंतु तेव्हाही गॉथांनी तेथे राज्य स्थापन केले नाही.

इ. स. ३७६ ची गोष्ट अगदी वेगळी आहे. हूणांच्या रेट्यामुळे देशोधडीला लागलेले गॉथ बायकामुलांसह डॅन्यूबच्या काठी आले आणि त्यांनी सम्राट व्हॅलेन्सकडे आश्रय मागितला. तो त्यांना मिळाला. पुढे लुपिकिनस आणि मॅक्सिमस या अधिकाऱ्यांनी त्यांच्या अन्नान्नदशेचा बाजार मांडला. गॉथांना एकेका कुत्र्याच्या मोबदल्यात आपले माणूस गुलाम म्हणून द्यावे लागले, आणि दिलेल्यांत त्यांच्या सरदारांची मुलेही होती, असे अमिएनस मार्सेलिनस या रोमन इतिहासकारानेच लिहून ठेवले आहे. ९ ऑगस्ट ३७८ रोजी हेड्रियानोपलजवळ, म्हणजे तुर्कस्तानातील आजच्या एदिर्नेजवळ, व्हॅलेन्स मारला गेला ती लढाई या उपासमारीतून पेटलेल्या उठावाची होती. तिला ‘आक्रमण’ म्हणणाऱ्याने निदान व्हॅलेन्सची परवानगी तरी वाचकाला सांगावी. माझ्या मते येथे आधी ‘देशांतर’ आणि मग ‘बंड’ असे दोन शब्द हवेत.

अलारिक या गॉथ नायकाच्या बाबतीत आणखी जपून लिहावे लागते. तो रोमन सम्राट थिओडोशियसच्या बाजूने लढलेला सेनानी होता, आणि त्याच्या मागण्या सैन्यातील वरचा हुद्दा, धान्य व वसाहतीसाठी जमीन अशा होत्या. इ. स. ४०८ मध्ये त्याने रोमला वेढा घातला, तेव्हा ठरलेल्या खंडणीची यादी झोसिमस या इतिहासकाराने दिली आहे : पाच हजार पौंड सोने, तीस हजार पौंड चांदी, चार हजार रेशमी अंगरखे, किरमिजी रंगवलेली तीन हजार कातडी आणि तीन हजार पौंड मिरी. (ही मिरी मलबारकडची, सोन्याचांदीच्या यादीत तिला जागा मिळाली यावरून तिचा भाव समजावा.) ‘वेढा’ आणि ‘खंडणी’ हे दोन्ही शब्द येथे तंतोतंत बसतात. ‘मुलूखगिरी’ मात्र मी टाळीन, कारण मुलूखगिरीवर गेलेल्या फौजेला पावसाळ्यापूर्वी परतायला स्वतःचा मुलूख असतो. अलारिकला तो नव्हता, किंबहुना त्याचे सारे भांडण त्यासाठीच होते. २४ ऑगस्ट ४१० पासून तीन दिवस रोम लुटले गेले. ती बोलणी फिसकटल्यानंतरची लूट होती.

याच काळाला फ्रेंच इतिहासलेखनाच्या परंपरेत ‘रानटी आक्रमणे’ आणि जर्मन परंपरेत ‘लोकांचे स्थलांतर’ म्हणत आले आहेत. मराठीत ‘रानटी टोळ्यांची आक्रमणे’ हा शब्दप्रयोग पाठ्यपुस्तकी सवयीने रुळला, पण त्यात निवाडा आधीच दिलेला असतो. त्यापेक्षा ‘गॉथ टोळ्या’ किंवा पाचव्या शतकापासून पुढे ‘गॉथ राज्ये’ म्हणावे.

आता विशेषण. ‘गॉथिकस’ ही मुळात रोमन सम्राटांनी घेतलेली उपाधी होती आणि तिचा अर्थ ‘गॉथांना जिंकणारा’ असा होता. दुसरा क्लॉडियस याच नावाने ओळखला जातो. उंच टोकदार कमानींच्या वास्तुशैलीला हे नाव पुढे इटलीतील प्रबोधनकालीन विद्वानांनी तुच्छतेने चिकटवले. १५५० मध्ये प्रसिद्ध झालेल्या कलावंतांच्या चरित्रग्रंथात वसारी या इटालियन चित्रकाराने या शैलीचा दोष गॉथांच्या माथी मारला. वस्तुतः ती पॅरिसजवळच्या सँ-दनी येथील मठाच्या चर्चमध्ये ११४० नंतर आकाराला आली, आणि स्पेनमधील गॉथांचे अखेरचे राज्य ७११ मध्येच कोसळू लागले होते. म्हणजे ज्यांच्यावर आळ आला ते चारशे वर्षे आधीच इतिहासजमा झाले होते! कादंबरीचेही तसेच. होरेस वॉलपोलने ‘द कॅसल ऑफ ओट्रँटो’च्या १७६५ मधील दुसऱ्या आवृत्तीला ‘गॉथिक कथा’ असे उपशीर्षक दिले, तेव्हा त्याला ‘मध्ययुगीन’ एवढेच म्हणायचे होते. भुयारे, पडके वाडे आणि भुतेखेते हा अर्थ त्या कादंबरीच्या अनुकरणातून मागाहून आला.

म्हणून माझी सूचना अशी की लोकांसाठी ‘गॉथ’ व ‘गॉथांचा’, आणि शैलीसाठी व साहित्यप्रकारासाठीच ‘गॉथिक’ वापरावे. मुंबईतील छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस ‘गॉथिक’ शैलीचे आहे. ‘गॉथांच्या शैलीचे’ म्हटले तर ते हास्यास्पद होईल.

प्रतिसाद

वरील विवेचन बहुतांशी मान्य आहे, परंतु इतकी कडेकोट विभागणी टिकणार नाही. पहिली अडचण भाषेची. चौथ्या शतकात वुल्फिला या बिशपने बायबलचे भाषांतर केले ते ‘गॉथिक’ भाषेत. त्याची जांभळ्या चर्मपत्रावर चांदीच्या शाईने लिहिलेली प्रत स्वीडनमधील उप्साला येथे आहे, आणि त्या भाषेला जगभर याच नावाने ओळखतात. (वुल्फिलाने ‘राजे’ हा भाग भाषांतरातून वगळला, कारण आपल्या लोकांना लढाईसाठी आणखी उत्तेजन नको, असे फिलोस्टॉर्जियस हा चर्चचा इतिहासकार सांगतो.)

दुसरी अडचण साहित्याची. कल्पनेतला गॉथ हा केवळ विध्वंसक नाही. शेक्सपिअरच्या ‘टायटस अँड्रॉनिकस’मध्ये गॉथांची राणी टमोरा सूडाने पेटलेली आहे खरी, पण अखेरीस जुलमी सम्राटाविरुद्ध टायटसचा मुलगा ल्यूशियस रोमवर चालून येतो तो गॉथांचेच सैन्य घेऊन. सतराव्या शतकातील इंग्रज लेखक आपल्या पार्लमेंटचे मूळ गॉथांच्या स्वातंत्र्यप्रेमात शोधत होते, आणि स्वीडनचे राजे तर १९७३ पर्यंत आपल्या बिरुदात ‘गॉथांचा राजा’ म्हणवून घेत होते. त्यामुळे अठराव्या शतकातील ‘गॉथिक’ या शब्दात नुसते ‘मध्ययुगीन’ नाही, तर ‘आपल्या पूर्वजांचे’ असाही सूर आहे. अनुवादकाने निदान या ठिकाणी एक तळटीप द्यावी, हे बरे.

प्रतिसाद

महाराष्ट्रापुरती एक भर घालतो. जुन्नरच्या लेण्यांतील एका प्राकृत लेखात ‘यवनस इरिलस गतान देयधम बे पोढियो’ असे शब्द आहेत. म्हणजे ‘गतांपैकी यवन इरिल याचे दान, पाण्याच्या दोन टाक्या’. (यवन म्हणजे येथे ग्रीक किंवा पश्चिमेकडचा परदेशी.) (यातला ‘बे’ आपल्या पाढ्यांतला आहे, हे जाता जाता.) तेथील दुसऱ्या लेखात चिट नावाच्या यवनाने बौद्ध भिक्षुसंघाला भोजनमंडप दिल्याची नोंद आहे आणि तोही स्वतःला ‘गत’ म्हणवतो. स्टेन कोनो या नॉर्वेजियन पंडिताने १९१२ मध्ये हे ‘गत’ म्हणजे गॉथ असावेत, असे सुचवले होते. कल्पना मोहक आहे, आणि म्हणूनच ती अधूनमधून निःशंकपणे सांगितली जाते. मात्र तिचा सारा भार एका शब्दाच्या ध्वनिसाम्यावर आहे. ‘गत’ हे घराण्याचे किंवा गावाचे नावही असू शकते. त्या लेखांचा मराठी अर्थ देताना ‘गत’ हा शब्द ‘गत’ असाच ठेवावा, आणि गॉथांचा उल्लेख करायचाच असेल तर तो कोनोचे मत म्हणून करावा.