'स्टारगेट युनिव्हर्स' गंभीर झाली म्हणून बुडाली का?

पहाटतारा:
'स्टारगेट' या विज्ञानकथा-मालिकांमध्ये आधी 'एसजी-१'चे २१४ भाग झाले, 'अटलांटिस'चे १००. नवा ग्रह, नवं संकट, आणि शेवटी चमू बहुधा सुखरूप घरी. ही चालती घडी २००९ मध्ये ब्रॅड राइट आणि रॉबर्ट कूपर यांनी स्वतःच मोडली. 'युनिव्हर्स'मधली माणसं हल्ल्यातून निसटून 'डेस्टिनी' या पुरातन जहाजावर येऊन पडतात. परतीची वाट नाही, हवा संपत चाललेली. पहिल्या तीन भागांत धडपड कशासाठी, तर हवा शुद्ध करायला लागणाऱ्या चुन्यासाठी! अवकाशात जगणं किती अवघड असतं, ते मला तिथे पहिल्यांदा जाणवलं. ४० भागांनंतर, २०११ मध्ये मालिका संपली. दोष मात्र अजूनही तिच्या काळोखाला दिला जातो. मला ते पटत नाही.

रानवाट:
चुना शोधण्याबद्दल माझी तक्रारच नाही. पण त्या संवाद-दगडांचं काय? वाटेल तेव्हा दुसऱ्याच्या शरीरात शिरून पृथ्वीवर जायचं, बायकोशी भांडायचं, परत यायचं. मग अडकलेपण खरं कसं वाटणार? शिवाय एसजी-१मधल्या चौघांचा एकमेकांवर जीव होता. इथे शास्त्रज्ञ रश जहाजावरचा प्रमुख कर्नल यंग याच्यावर खुनाचा आळ आणतो आणि यंग त्याला बदडून परग्रहावर सोडून येतो. मग मी जीव लावायचा कुणाला?

मेघना_पुणे:
दोघांनाही! मला तर तोच भाग सगळ्यात जास्त आवडतो. रॉबर्ट कार्लाइलचा रश लबाड आहे, पण त्या जहाजावर त्याच्याइतका जीव दुसऱ्या कुणाचाच नाही. पुढे दोघांना एकमेकांवाचून चालत नाही, आणि तो ताण भागागणिक साठत जातो. सुटी गोष्ट सांगून हे साधलं नसतं. दुसऱ्या सीझनला शुक्रवारची मालिका मंगळवारी नेली, हेही विसरू नका.

पहाटतारा:
रानवाट, दगडांबद्दल तुमचं म्हणणं मान्य. पृथ्वीवरचे ते प्रसंग कापले असते तर पहिला सीझन कितीतरी घट्ट झाला असता. पण ती चूक पटकथेची. गंभीर होण्याची नव्हे.

रानवाट:
माझ्यासाठी या दोन गोष्टी वेगळ्या नाहीत. रडारड दाखवायची म्हणूनच दगड आणले. शेवटचा भाग मात्र मनात रुतलाय. सगळे शीतनिद्रेत, एक कक्ष बिघडलेला, आणि तो दुरुस्त करायला दोन आठवडे हातात असलेला, जहाजावरचा हुशार तरुण एलाय खिडकीपाशी एकटा. तो पोरगा मला पहिल्यापासून आवडायचा. त्याचं पुढे काय झालं, ते त्यांनी दाखवायला हवं होतं.