सरकारने गिरण्या घेतल्या ते बरोबर होतं का?

जांबोटीकर
परवा गावात पारावर वाद झाला. एक शिकलेला पोरगा म्हणाला, मुंबईच्या आजारी कापडगिरण्या सरकारने घ्यायलाच नको होत्या. मरायच्या त्या तेव्हाच मेल्या असत्या, तर जनतेचा पैसा तरी वाचला असता. तिथं मी तावातावानं बोललो. घरी आल्यावर नीट मांडावंसं वाटलं.

माझे बाबा १९६८ ला खानापुरातून मीटर गेजनं पुण्याला आणि तिथं गाडी बदलून मुंबईला गेले. लालबागला गावाची खोली होती. पाळीपाळीनं झोपणारी वीस-पंचवीस माणसं, माळ्यावर पत्र्याच्या ट्रंका, महिन्याच्या हिशेबानं जेवण घालणारी खाणावळवाली. सात वर्षं ते बदली कामगार होते. रोज भोंग्याआधी गेटवर उभं राहायचं, कुणाचा खाडा असला तर काम, नाहीतर परत खोलीवर. मग साचे, म्हणजे गिरणीतले माग, मिळाले. मागावर आडवा धागा नेणाऱ्या धोट्यात सुताची नवी नळी घातली की धाग्याचं टोक धोट्याच्या भोकातून तोंडानं ओढून घ्यायचे. सवय अशी जडली, की म्हातारपणी आईला सुईत दोरा ओवून देतानाही त्यांचे ओठ तसेच पुढे यायचे.

१८ जानेवारी १९८२ ला मुंबईच्या गिरणी कामगारांचा संप सुरू झाला. अडीच लाखाच्या आसपास माणूस बाहेर पडला. बाबा गावी आले, पावणेदोन वर्षं नाचणीवर निघाली. ऑक्टोबर १९८३ मध्ये केंद्र सरकारनं मुंबईतल्या १३ गिरण्यांचा कारभार हातात घेतला, त्यात बाबांची गिरणी होती. त्याआधी १९७४ च्या कायद्यानं देशभरातल्या १०३ गिरण्या एनटीसीकडे, म्हणजे केंद्राच्या राष्ट्रीय वस्त्रोद्योग महामंडळाकडे, आल्या होत्याच, आपल्या कर्नाटकातली बंगळूरची मिनर्वा आणि कलबुर्गीची एमएसकेही त्यातच. बाबांना परत बोलावणं आलं. पुढची अठरा वर्षं पगार, फंड, ईएसआयचं म्हणजे आजारपणाच्या विम्याचं कार्ड. माझं बेळगावातलं कॉलेज आणि दोन बहिणींची लग्नं त्यावर झाली.

म्हणून माझं म्हणणं असं, की गिरण्या घेतल्या ते बरोबरच केलं. चुकलं ते पुढं, गिरणीकडे जमीन म्हणून बघायला लागले तेव्हा.

वडगावचा मागवाला
तुमच्या बाबांबद्दल आदर आहे, पण मत पटलं नाही.

माझा आजा हातमागावर, बाप पॉवरलूमवर, मीही पॉवरलूमवर. बेळगावातल्या वडगाव, खासबाग, शहापूर इथं घरातच दोन-चार माग टाकून साड्या विणणारी माणसं आम्ही. हजेरी नाही, फंड नाही, साडीमागं मजुरी. लाइट गेली की कमाई थांबली. २०१९ च्या पावसात घरात पाणी शिरलं, मोटर भिजली, बीमवरचं सूत कुजून गेलं. चार दिवस मी आणि बायको ओली सुतं उलगडत बसलो होतो, निम्मंही हाती लागलं नाही.

आता सांगा, गिरणीचा तोटा वर्षानुवर्षं कुणी भरला? सरकारनं. म्हणजे आम्ही पण. कापड आम्हीही विणतो, फुफ्फुसात तंतू आमच्याही जातो. मग कामगार म्हणून हक्क फक्त गेटच्या आतल्या माणसाला का? तोच पैसा सूत स्वस्त करायला, मागवाल्याला विमा द्यायला लागला असता तर कितीतरी जास्त घरं जगली असती.

टिळकवाडीतले सर
मी अर्थशास्त्र शिकवायचो. तोट्याचा विषय निघालाय म्हणून एक गोष्ट सांगतो, कारण ती हल्ली कुणी बोलत नाही.

गरिबाला परवडावं म्हणून काही कापड ठरलेल्या दरात विकायचं बंधन गिरण्यांवर होतं. कंट्रोलचं कापड म्हणायचे. तुमच्यातल्या वयस्कांनी रांगेत उभं राहून ती जाडीभरडी धोतरं, लुगडी आणलेली असतील. १९७८ च्या धोरणात खासगी गिरण्यांना त्यातून मोकळं केलं आणि तो भार एनटीसी व हातमागावर टाकला. विणायला जो खर्च यायचा त्याहून विकायचा भाव कमी. तोटा ठरवूनच अंगावर घेतलेला. त्यामुळे ‘सरकारी गिरणीतला कामगार ऐतखाऊ’ हे जे ऐकू येतं ते साफ अन्यायाचं आहे. खासगी मालकानं त्याच वेळी साचे बंद करून विणकाम भिवंडी-इचलकरंजीच्या पॉवरलूमना दिलं, तिथं फंडही द्यायला नको आणि पाळीचा हिशेबही नको.

तरीही निष्कर्षात मी जांबोटीकरांच्या विरोधात आहे. सरकारनं गिरणी घेतली, पण यंत्रं बदलली नाहीत. साचे जुनेच, कापूस चढ्या भावात आणायचा, माल गोदामात पडून. १९९२-९३ पर्यंत एनटीसीच्या बहुतेक उपकंपन्या आजारी उद्योगांच्या मंडळापुढं, म्हणजे बीआयएफआरकडे गेल्या होत्या. याला वाचवणं म्हणत नाहीत. मरण लांबवलं.

जांबोटीकर
सर, लांबलेल्या त्या वर्षांत मी पहिलीपासून पदवीपर्यंत शिकलो. ती वर्षं हिशेबात कुठं लिहायची?

मागवालेदादा, तुमचं दुखणं खरं आहे, त्यावर मी वाद घालणार नाही. पण गिरणीकामगाराला जे मिळत होतं ते तुम्हालाही मिळायला हवं होतं. त्याचं काढून घेतल्यानं तुम्हाला काय मिळालं? गिरण्या बंद पडल्या त्यानंतर वडगावात कुणाचा फंड सुरू झाला का?

आणि पैसा गेला कुठं तेही बघा. मुंबईच्या १९९१ च्या बांधकाम नियमानं गिरणीच्या जमिनीचे तीन भाग होणार होते, एक शहराच्या मोकळ्या जागेला, एक घरांसाठी, एक मालकाला. २००१ ला नियम बदलला आणि बांधकाम पाडून मोकळी होणारी जागा त्यातून वगळली. २००५ ला एनटीसीच्या पाच गिरण्या विकल्या, एकट्या मुंबई टेक्स्टाइल मिलचे ७०२ कोटी आले. २००६ ला सुप्रीम कोर्टानंही तो बदल ग्राह्य धरला. तोट्यात आहे म्हणून ज्या गिरणीला आपण नावं ठेवली, तिच्या पायाखाली एवढं होतं.

निपाणीकर
थोडं विषयाबाहेर. सरकारी गिरणीचा विषय निघालाच आहे तर कोल्हापूरची शाहू मिल आठवा. शाहू महाराजांनी १९०६ ला पाया घातला, संस्थानात धंदा उभा राहावा म्हणून. आमच्याकडची कित्येक माणसं तिथं कामाला होती. पुढं ती राज्याच्या वस्त्रोद्योग महामंडळाकडे गेली आणि शंभरी भरायच्या आत बंद झाली. २०२२ ला महाराजांच्या स्मृतिशताब्दीचे कार्यक्रम तिथं झाले तेव्हा आत गेलो होतो. शेड उभी आहे, साचा एक नाही.

कणकुंबीची लेक
सगळ्यांचं वाचलं. गिरण्या कुणी वाचवल्या यावर एवढं लिहिलंय, त्यात बायका कुठंच नाहीत.

माझे अण्णा खासगी गिरणीत होते. सरकारनं घेतलेल्या त्या तेरांत त्यांची नव्हती. संपानंतर ते गेटवर गेले तर नवीन माणसं भरलेली. परत आले ते कायमचे. एकाच गावातले दोघं, एकाच संपात बसलेले, एकाला बोलावणं आलं आणि एकाला नाही. त्या दोन घरांत पुढं वर्षानुवर्षं नीट बोलणं नव्हतं. जांबोटीकर, तुमच्या घराला जे मिळालं त्याचा आनंद आहे, पण १३ गिरण्या घेऊन बाकीच्यांतली माणसं सोडून दिली याला मी बरोबर म्हणू शकत नाही. घ्यायचं होतं तर सगळ्यांचं उत्तरदायित्व घ्यायचं होतं.

आणि संप दीड-दोन वर्षं टिकला तो कशावर? गावाकडच्या भातावर. आई पावसात लावणीला जायची, उन्हाळ्यात मोळ्या विकायची. मुंबईहून आलेली आठ माणसं आमच्या घरात जेवून गेलीत. ते धान्य कुठल्याच ताळेबंदात नाही. आईच्या मानेला मोळीचा घट्टा शेवटपर्यंत होता.

जांबोटीकर
ताई, हे मान्य. तेरा घेतल्या आणि बाकी सोडल्या, त्यात न्याय नव्हता. मी फक्त आमच्या घरापुरतं बघत होतो. पण त्यातून मला ‘तेराही घ्यायला नको होत्या’ असं म्हणवत नाही.

एक सांगायचं राहिलं. १ जानेवारी १९८२ ला किंवा नंतर कामावर असलेल्या गिरणी कामगाराला सरकारी योजनेतून घर मिळणार म्हणून दीड लाखाच्या आसपास अर्ज आले. २०१२ च्या सोडतीत ६,९२५ घरं, २०२० ला ३,८९४. आता मुंबईबाहेर लांब, कर्जतकडच्या शेलू-वांगणीचं नाव काढतात. बाबा जाऊन सहा वर्षं झाली. मी वारस म्हणून कागद घेऊन मुंबईतल्या एका कार्यालयात गेलो. तिथल्या बाईंनी वंशावळ हातात घेतली, उलटसुलट केली आणि म्हणाल्या, ही कुठली भाषा, मराठीत आणा. १९५६ पासून आमचा गाव कर्नाटकात आहे, दाखले कन्नडात मिळतात, यात बाबांचा काय दोष? संयुक्त महाराष्ट्राच्या मोर्चांत गिरणगाव सगळ्यात पुढं होतं. आज त्याच गिरणगावातल्या कामगाराच्या पोराला कागदाच्या भाषेवरून परत पाठवतात. दोन वेळा गेलो. तिसऱ्यांदा जायचं बळ जमवतोय.

वडगावचा मागवाला
माझा मुद्दा मी सोडलेला नाही. गेटबाहेरच्या मागवाल्याचा विचार आधी व्हायला हवा होता, हे मी म्हणतच राहणार.

पण वंशावळीचं वाचून जीव तुटला. माझं कन्नड पक्कं आहे, शाळा कन्नडच होती. कागदाचा फोटो पाठवा, ओळ न् ओळ मराठीत लिहून देतो, मग कोर्टाजवळ बसणाऱ्या नोटरीकडून शिक्का घेऊ. आणि बाबांचं बदली कार्ड अजून असेल तर जपा, त्यावर गिरणीचा नंबर असतो. शनिवारी दुपारनंतर माझे माग बंद असतात, तेव्हा या.

कणकुंबीची लेक
अण्णांचीही वंशावळ कन्नडातच आहे. शनिवारी मी पण येते.