विजय नेमका कोणत्या दिवशी मोजायचा?

त्रिरश्मी, पाथर्डी फाटा

महापालिकेच्या निवडणुकीचा निकाल लागला त्या संध्याकाळी आमच्या गल्लीतून विजयी उमेदवाराची मिरवणूक गेली. गुलाल, ढोल, फटाके यांबद्दल माझी तक्रार नाही; ज्याने महिनाभर दारोदार फिरून मते मिळवली त्याने एक संध्याकाळ आनंद करावा, हे मला योग्यच वाटते. परंतु ही मिरवणूक पराभूत उमेदवाराच्या घरासमोर येऊन थांबली आणि अर्धा तास तिथून हलली नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी त्या घरातील वृद्ध बाई बादली आणि खराटा घेऊन पायरी धूत होत्या. ओला गुलाल फरशीच्या सांध्यात बसला की सहजी निघत नाही. चार दिवसांनीही तिथे फिकट गुलाबी रेघ दिसत होती. ती रेघ पाहिल्यापासून मनात घोळत असलेला प्रश्न इथे मांडतो. आपण विजय म्हणतो तो कशाला, आणि तो कोणत्या दिवशी मोजायचा?

मी नाशिकच्या पांडवलेण्यांच्या पायथ्याशी राहतो आणि आठवड्यातून दोनदा तरी डोंगर चढतो. तिथल्या तीन क्रमांकाच्या लेण्यात गौतमी बलश्रीचा प्रसिद्ध शिलालेख आहे. नातू पुळुमावी याच्या राज्याच्या १९व्या वर्षी तिने तो कोरवला आणि त्यात आपला दिवंगत मुलगा गौतमीपुत्र सातकर्णी याचे गुणगान केले. त्याच्या वाहनांनी तीन समुद्रांचे पाणी प्यायले, त्याने क्षहरात वंश निःशेष केला, सातवाहन कुळाचे यश पुन्हा प्रस्थापित केले, अशी ती विशेषणे आहेत. विजयाची भाषा म्हणून हा लेख शाळेपासून आपल्याला माहीत असतो.

मी मात्र त्याच लेण्यातील दोन लहान लेखांपाशी अधिक रेंगाळतो. पहिला गौतमीपुत्राच्या १८व्या वर्षाचा आहे आणि तो विजयी सैन्याच्या छावणीतून दिलेला आदेश आहे. आजवर उषवदाताकडे, म्हणजे पराभूत क्षहरात राजा नहपानाच्या जावयाकडे, असलेले दोनशे निवर्तने (निवर्तन हे जमिनीचे जुने माप) शेत त्रिरश्मी, म्हणजे याच लेण्यांच्या, डोंगरावरील भिक्षूंना दिले, असे तो सांगतो. दुसरा लेख २४व्या वर्षाचा आहे. गोवर्धनच्या अमात्याला त्यात कळवले आहे की पूर्वी कखडी गावात जे शेत आम्ही दिले ते कसले जात नाही आणि गावातही वस्ती नाही. तेव्हा नगराच्या सीमेवरील आमच्या स्वतःच्या, राजाच्या मालकीच्या जमिनीतून शंभर निवर्तने द्यावीत.

जिंकल्यानंतर सहा वर्षांनी राजा दगडावर कोरून मान्य करतो की आपण दिलेले पडीक निघाले, आणि मग पदरची जमीन देतो. माझ्या दृष्टीने त्याच्या विजयाचा पुरावा तीन समुद्रांपेक्षा या दुरुस्तीत अधिक आहे. जिंकलेल्या प्रदेशात नांगर चालतो की नाही, गावात चूल पेटते की नाही, याची चौकशी जो करतो त्याचाच विजय टिकतो, असे माझे मत आहे. ज्यांना हे पटत नाही त्यांनी अवश्य लिहावे.

दिंडोरीकर

त्रिरश्मी, आपला लेख मनापासून वाचला. पायरीवरच्या रेघेने मलाही अस्वस्थ केले. पण आपल्या निष्कर्षाशी मी सहमत नाही, आणि कारण आपल्याच पुराव्यात आहे. कखडीतील शेत पडीक का राहिले, गाव ओस का पडले, हे तो लेख सांगत नाही. ज्या प्रदेशासाठी दोन राजवंश झुंजले तिथले एखादे गाव उठून जाते, तेव्हा युद्धाशी त्याचा संबंध असावा, अशी शंका तरी घ्यायला हवी. शिवाय शंभर निवर्तने मिळाली ती भिक्षूंना, मूळच्या दोनशेंच्या जागी. गावकऱ्यांचे काय झाले, याबद्दल दगड मुका आहे. विजेत्याच्या भिंतीवरून विजेत्याच्या सद्‌गुणाचा निवाडा करणे मला धोक्याचे वाटते.

नाण्यांचेही तसेच आहे. १९०६ साली जोगलटेंभीला नहपानाच्या चांदीच्या नाण्यांचा साठा सापडला. त्यातील तेरा हजारांहून अधिक नाण्यांपैकी नऊ हजारांहून अधिक नाण्यांवर गौतमीपुत्राने आपले ठसे पुन्हा मारलेले आहेत. अंजनेरीच्या नाणेशास्त्र संस्थेत जाऊन आल्यापासून मी अशा नाण्यांची छायाचित्रे भिंग घेऊन पाहतो. नहपानाच्या नाकाच्या आणि गालाच्या कडेवर तीन कमानींच्या डोंगराचे चिन्ह आडवे बसलेले असते आणि त्याखालून जुन्या लेखाची दोन-चार अक्षरे डोकावत असतात. चांदी तीच, वजन तेच, बाजारात किंमतही तीच. चेहरा तेवढा दडपलेला. विजय हा असा रोकडा व्यवहार असतो. तो कोणाचा, याचे उत्तर नाण्यावर कोणाचा ठसा वर आहे यावरून मिळते, आणि ते उत्तर त्याच दिवशी मिळते.

त्याहून महत्त्वाचे म्हणजे, विजयाची कसोटी दुसऱ्या बाजूला काय हवे होते यावरही ठरते. माझ्या गावावरून रामशेज किल्ला दिसतो. १६८२ पासून पाच वर्षांहून अधिक काळ मोगलांच्या एकामागून एक सरदारांनी त्याला वेढा घातला, आणि अखेरीस १६८७ मध्ये तो लढून नव्हे, किल्लेदाराला फितवून त्यांच्या हाती गेला. आपल्या व्याख्येप्रमाणे तो कोणाचा विजय? किल्ला गेला, हे निखळ सत्य आहे. पण एका मध्यम उंचीच्या, सपाट माथ्याच्या टेकडीने मोगल फौजेची पाच वर्षे खाल्ली, हेही सत्यच आहे. औरंगजेब १६८१ मध्ये दक्षिणेत उतरला तो १७०७ मध्ये अहमदनगरजवळ वारला, उत्तरेत परतलाच नाही. शत्रूचा हेतू तडीस जाऊ न देणे हाच विजय, मग अखेरीला किल्ल्यावर निशाण कोणाचे का फडकेना, असे मी म्हणतो.

येवलेकर

दोघांचेही मुद्दे वाचले. दिंडोरीकर, आधी नाण्यावर वरचा ठसा कोणाचा हेच उत्तर म्हणायचे आणि नंतर रामशेजवर निशाण कोणाचे याला महत्त्व नाही म्हणायचे, या दोन गोष्टी एकत्र बसत नाहीत. आपण त्यांतील एक निवडावी. पण मी लिहायला बसलो ते यासाठी नाही.

नाशकात बसून विजयाची चर्चा करताना काळाराम मंदिर सत्याग्रहाला वळसा घालता येत नाही. २ मार्च १९३० रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली हजारो लोक मिरवणुकीने पंचवटीत मंदिरापाशी गेले आणि त्यांना दरवाजे बंद आढळले. त्यानंतर चारही दरवाजांवर सत्याग्रहींच्या तुकड्या बसू लागल्या. भाऊराव गायकवाड, ज्यांना पुढे सारा महाराष्ट्र दादासाहेब म्हणू लागला, त्यांनी ही बाजू वर्षानुवर्षे सांभाळली. त्या वर्षीच्या रामनवमीला रथ ओढण्यावरून दगडफेक झाली. लाठ्या, अटका, गावोगावचा बहिष्कार हे सारे सोसूनही दरवाजा उघडला नाही.

माझे पणजोबा त्या तुकड्यांमध्ये होते. ते गेले तेव्हा आजी लहान होती, पण त्यांचे एक वाक्य तिने आम्हाला सांगून ठेवले आहे: ‘आम्ही देवाच्या दारात नव्हतो बसलो, माणसाच्या दारात बसलो होतो.’ घरी परतल्यावर त्यांना गावात मजुरी मिळेना. कुटुंबाने दोन वर्षे कशी काढली, हे आजी सांगायची तेव्हा तिच्या बोलण्यात नाचणीची पेज आणि चिंचेचा पाला एवढेच यायचे.

म्हणूनच जेव्हा कोणी प्रेमाने म्हणतो की सत्याग्रहींचा तो ‘नैतिक विजय’ होता, तेव्हा मला ते स्वीकारता येत नाही. दार बंद ठेवणाऱ्यांना ते बंद ठेवता आले. त्याला पराभव म्हणायचे धैर्य आपल्यात असायला हवे. हरणाऱ्याला नैतिक विजयाचा हार घातला की दार बंद ठेवणाऱ्याला कोणी जाब विचारत नाही. त्रिरश्मी, पराभूताचे नीट चालले आहे ना, हे विजेत्याने पाहावे, अशी आपली अपेक्षा आहे. आम्ही चार वर्षे दारात बसून विजेत्याच्या त्या भल्या मनाचीच वाट पाहिली होती.

बाबासाहेबांनी मार्च १९३४ मध्ये गायकवाडांना पत्र लिहून सत्याग्रह थांबवण्यास सांगितले. आपल्या लोकांनी मूर्तिपूजक व्हावे म्हणून ही चळवळ सुरू केली नव्हती, त्यांच्यात जागृती यावी आणि त्यांना आपल्या स्थितीचे भान यावे म्हणून ती केली, असे त्यांनी त्यात स्पष्ट केले. पुढे १३ ऑक्टोबर १९३५ रोजी आमच्या येवल्यात त्यांनी जाहीर केले की आपण हिंदू म्हणून जन्मलो तरी हिंदू म्हणून मरणार नाही. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरला ते खरे झाले. मला विजय दिसतो तो इथे. ज्याच्या हातात किल्ली आहे त्याच्याकडे काही मागायचेच उरले नाही, तो दिवस जिंकल्याचा. ते दार पुढे कायद्याने उघडले, पण तोवर ज्यांच्यासाठी ते बंद होते त्यांनी आपला रस्ता निवडला होता.

सातबारा, पेठ रोड

येवलेकर, आपल्या पणजोबांचे वाक्य मी वहीत उतरवून घेतले आहे. तरीही एका बाबतीत मला आपल्याशी वाद घालावासा वाटतो. मागायचे उरले नाही म्हणजे विजय, हे सर्वांना परवडणारे नाही. ज्याचे पोट एका तुकड्यावर आहे आणि त्या तुकड्याचा कागद सरकारच्या कपाटात आहे, त्याला मागावेच लागते.

६ मार्च २०१८ रोजी सीबीएस चौकातून शेतकऱ्यांचा लाँग मार्च निघाला, तेव्हा पहिले दोन दिवस मी पाण्याच्या टँकरबरोबर होतो. सुरगाणा, पेठ, कळवणची माणसे होती आणि त्यांत बायका पुष्कळ. एका मावशींच्या चपलेचा अंगठा तुटला होता. त्यांनी तो सुतळीने बांधला, ती सुतळी बोटाच्या बेचक्यात रुतली, आणि औषध लावायला बसवले तर त्या म्हणाल्या, ‘लवकर कर भाऊ, रांग पुढं जाती.’ सुमारे १८० किलोमीटर चालून ही माणसे मुंबईत पोहोचली आणि दहावीच्या मुलांना परीक्षेला जाताना त्रास नको म्हणून शेवटचे अंतर रात्रीतून चालली. १२ मार्चला सरकारने लेखी आश्वासन दिले. त्या दिवशी सगळ्यांनी ‘विजय’ हाच शब्द वापरला, मीही वापरला.

त्यानंतर २०१९च्या फेब्रुवारीत पुन्हा मोर्चा निघाला आणि २०२३च्या मार्चमध्ये दिंडोरीहून आणखी एकदा. मागणी बरीचशी तीच होती. वनहक्क कायदा २००६चा. १३ डिसेंबर २००५ पूर्वीपासून कसत असलेली वनजमीन चार हेक्टरच्या मर्यादेत कसणाऱ्याच्या नावे करायची, असे त्यात आहे. प्रत्यक्षात कसतो तीन एकर आणि मंजूर होतात काही गुंठे, असे दावे मी स्वतः हाताळले आहेत. मंजूर झालेल्याचे नावही सातबाऱ्यावर ‘इतर हक्क’ या रकान्यात जाते, म्हणून ते कब्जेदार सदरी, म्हणजे जमीन धारण करणाऱ्याच्या रकान्यात, लावा, ही मागणी २०२३ मध्ये करावी लागली. ज्याने रकाना पाहिला नाही त्याला हा फरक क्षुल्लक वाटेल. कर्ज मागायला सोसायटीत गेल्यावर तो कळतो.

तेव्हा माझे म्हणणे त्रिरश्मींच्या जवळ जाते, पण उलट दिशेने. विजेत्याने सहा वर्षांनी चौकशी केली म्हणून तो थोर, असे मी म्हणणार नाही. तो दुसरा आदेश निघण्याआधी पडीक शेताची तक्रार घेऊन कोणीतरी गोवर्धनच्या अमात्याकडे खेटे घातले असतील, अशी माझी अटकळ आहे. लेखात त्याचा उल्लेख नाही. पण आपले शेत पडीक आहे हे राजाला आपोआप कळत नाही. विजयाच्या गोष्टीत मला त्या खेटे घालणाऱ्याला जागा हवी आहे.

दिंडोरीकर

येवलेकर, आपण दाखवलेली विसंगती मान्य आहे. नाण्याचा मुद्दा मी मागे घेतो. रामशेजचा घेत नाही. आणि रामशेजवरची शिबंदी पाच वर्षे कोणाकडे काही मागत नव्हती, एवढे आपल्या बाजूने सांगतो.

सातबारा, आपली अटकळ पटली. फक्त त्या शेतात पूर्वी नांगर धरणारा आणि ते शेत दान म्हणून मिळालेला हे दोघे एक नव्हते, हे विसरू नये. खेटे घातलेच असतील तर दान मिळालेल्याने घातले असतील. कसणारा केव्हाच उठून गेला होता.

त्रिरश्मी, पाथर्डी फाटा

येवलेकर, आपल्या प्रतिसादानंतर दोन दिवस मी काही लिहू शकलो नाही. विजेत्याच्या भलेपणावर मी जे ओझे टाकले होते ते त्याला पेलणारे नाही, हे मला मान्य करायला हवे. पांडवलेण्यांत राजाचा आवाज दगडात टिकला म्हणून मी त्याच्या बाजूने विचार करू लागलो, आणि काळारामच्या दरवाजाबाहेर बसलेल्यांचा आवाज आजीच्या तोंडून येतो म्हणून मला तो इतक्या उशिरा ऐकू आला. ‘नैतिक विजय’ हा शब्द मी इथे वापरला नसला तरी एरवी पुष्कळदा वापरला आहे. यापुढे वापरताना थांबेन.

पण एक गोष्ट मी सोडत नाही. पराभूताने आपला रस्ता निवडला म्हणून जिंकणाऱ्याचे दायित्व संपत नाही. बलश्रीच्या लेखात मुलाचे आणखी एक विशेषण आहे: अपराध केलेल्या शत्रूचाही जीव घेण्याची ज्याला आवड नव्हती असा. आईने लिहिले म्हणून ते खरेच असेल, असे नाही. परंतु ज्या भिंतीवर वंश निःशेष केल्याचा अभिमान कोरला जातो त्याच भिंतीवर हेही कोरावेसे वाटते, म्हणजे नुसत्या संहाराने आपला मुलगा मोठा ठरत नाही, हे त्या बाईला ठाऊक होते. आणि त्याच डोंगरात, दहा क्रमांकाच्या लेण्यात, पराभूत उषवदाताचे दानलेख आजही वाचता येतात. सातवाहनांनी ते खरवडून टाकले नाहीत. नाण्यांवरचा चेहरा त्यांनी दडपला, भिंतीवरचे नाव राहू दिले. असे का, याचा विचार मी अजून करतो आहे.

सातबारा, आपण हाताळलेल्या दाव्यांपैकी एखाद्याची वाटचाल, ग्रामसभेच्या ठरावापासून मोजणीपर्यंत, तारखांसह आणि नावे वगळून इथे लिहाल का?

सातबारा, पेठ रोड

लिहितो. त्या मावशींच्याच गावचा एक दावा आहे. मोजणी दोनदा झाली आणि दोन्ही वेळचे क्षेत्र वेगळे आले. येत्या रविवारी गावात जातो आहे, त्यांना विचारून मगच लिहीन.