परभणीत बसून सिरियलला संगीत? देऊन दाखवा!

मांजराकाठचा: 'लॅपटॉप अन् नेट असलं की परभणीत बसूनही सिरियलला संगीत देता येतं, मुंबईचं खूळ सोडा' अशी पोस्ट काल इथं पडली. डोकंच फिरलं. आठ वर्षं अंधेरीत काढलीत मी. काम ओळखीनं येतं, लॅपटॉपनं नाही. रात्री अकराला एडिटरचा फोन: "सासूची एन्ट्री चार सेकंदांनी वाढलीय, तुकडा लांबव, सकाळी एपिसोड जायचाय." नेमकी तेव्हाच आपल्याकडं लाईट जाते. अशोक पत्कींनी 'आभाळमाया'चं शीर्षकगीत केलं, पण त्याआधी जिंगल्सचा केवढा डोंगर उपसला होता!

दुधनाकाठची: पोस्ट माझीच. आठ वर्षांत पडद्यावर नाव कितीदा आलं तुमचं? मी सेलूत बसून दोन शॉर्टफिल्म अन् एक जाहिरात केली. खोलीभाडं शून्य.

मांजराकाठचा: दोनदा. 'सहायक' म्हणून. तेही पळत्या अक्षरांत. झालं समाधान?

बालाघाटी: भाड्याचं सोडा, रॉयल्टीचं बोला. कॉपीराइट कायद्याच्या 2012 च्या दुरुस्तीपासून सिनेमाच्या संगीतकाराला रॉयल्टीचा हक्क लिहून देताच येत नाही. थेटरात सिनेमासोबत वाजतं तेवढं सोडून. तरी आपली पोरं 'एकरकमी' वाचून खुशाल सही करतात. आयपीआरएसचे, म्हणजे गीतकार-संगीतकारांची रॉयल्टी गोळा करणाऱ्या संस्थेचे, सभासद किती जण आहात इथं?

गोंधळ्याचा नातू: अन् वाजवणाऱ्याचं काय? माझे आजोबा तुळजापूरकडचे. एका स्टुडिओनं संबळ घेऊन बोलावलं. एसीत कातडं उतरलं, तरी दोन तास "बाबा, नुसता एकेक ठोका द्या". हलका, जोराचा, वाकड्या काठीचा. दीड हजार अन् चहा. आता सिरियलीत देवी आली की कॉम्प्युटरात भरून ठेवलेले तेच ठोके. आजोबा म्हणतात, "ह्यात माणूस कुठंय?"

दुधनाकाठची: तेच ठोके कशावरून? संबळ इथून तिथून सारखंच वाजतं.

गोंधळ्याचा नातू: सारखंच?? त्या संबळाच्या वादीला गाठ मारलेली होती. ठोक्यामागं बारीक खर्र येते. लहानपणापासून ऐकायलोय मी, खोटं कामून बोलू?

बालाघाटी: त्याच दुरुस्तीत वादकालाही व्यापारी वापराचा हिस्सा दिलाय. सही कशावर केली होती?

गोंधळ्याचा नातू: व्हाउचरवर. इंग्रजी होतं सगळं.

मांजराकाठचा: धागा कुठं होता अन् कुठं नेला! हो, तसले तयार ठोके मीही वापरलेत. अकराच्या फोनाला खरा गोंधळी कुठून आणू?

गोंधळ्याचा नातू: काम ओळखीनं येतं म्हणालात ना? करा मग ओळख.

दुधनाकाठची: अन् तुळजापूर सेलूहून जवळ की अंधेरीहून, तेही सांगा.

मांजराकाठचा: सेलूहून, बाई, सेलूहून. चेक मात्र अंधेरीतूनच निघतो. अन् म्हाताऱ्या माणसाला रात्री अकराला उठवायचं का?

गोंधळ्याचा नातू: रात्री अकराला गोंधळी झोपलेला कुणी बघितलाय?

मांजराकाठचा: बरं. नंबर व्यनि (खासगी निरोप) करा. बजेट फार नाही, आधीच सांगतो.