मदत हवी आहे: वडिलांची ग्रॅच्युइटी अडकलीय, मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, सरकारी नोकरांच्या तक्रारी ऐकणारं) जावं का?

नमस्कार मंडळी, वडील राज्य सरकारच्या एका ऑफिसातून क्लार्क म्हणून रिटायर होऊन 14 महिने झाले, तात्पुरती पेन्शन चालू आहे पण ग्रॅच्युइटीचा एक रुपया नाही. कधी म्हणतात सर्व्हिस बुक वेतन पडताळणीला गेलंय, कधी म्हणतात जुन्या वेतननिश्चितीत (पगार ठरवताना) जादा पैसे गेलेत ते वसूल करायचेत, आणि चौकशी वगैरे कसलीच नाही हो त्यांच्यावर! रिटायर होताना शाल-श्रीफळ मात्र वेळेवर दिलं.

मी वाचलंय की महाराष्ट्राच्या 1982 च्या पेन्शन नियमांत नियम 129-अ आहे, ऑफिसच्या चुकीने ग्रॅच्युइटी 3 महिन्यांपेक्षा लांबली तर व्याज मिळतं, आणि रफिक मसीह केसमध्ये (2014) सुप्रीम कोर्टाने क्लास 3-4 वाल्यांकडून (क्लार्क क्लास 3 मध्ये येतो) अशी वसुली नको म्हटलंय. पण वडिलांनी वेतननिश्चितीच्या वेळी हमीपत्र (जादा पैसे आले तर परत करेन असं) लिहून दिलं होतं, त्याने आमची बाजू कमकुवत होते का?

लेखी अर्ज देऊन 7 महिने झालेत, उत्तर नाही. आता वकिलाची नोटीस आधी पाठवू की थेट मॅटमध्ये ओए (मूळ अर्ज, म्हणजे केस) टाकू? व्याज त्यातच मागायचं ना? कुणी स्वतः केलं असेल तर खर्च किती आला तेही सांगा प्लीज.