जॉन्टी पार्किनला एवढे मोठे का मानले जाते?

प्रश्न
दोन महायुद्धांमधल्या काळातील इंग्लिश रग्बी लीगविषयी (संघात तेरा खेळाडू असलेला रग्बीचा प्रकार) वाचताना जॉन्टी पार्किन हे नाव वारंवार समोर येते. १९१३ ते १९३० अशी सतरा वर्षे तो वेकफील्ड ट्रिनिटीकडून खेळला. पण या क्लबने १९०९ नंतर चॅलेंज कप ही बाद पद्धतीची मोठी स्पर्धा जिंकली ती थेट १९४६ मध्ये, आणि लीगचे विजेतेपद तर १९६७ पर्यंत त्यांच्या वाट्याला आले नाही. तरीही १९८८ मध्ये ब्रिटिश रग्बी लीगच्या हॉल ऑफ फेमसाठी, म्हणजे थोर खेळाडूंच्या सन्मानयादीसाठी, जे पहिले नऊ खेळाडू निवडले गेले, त्यांत पार्किन होता. ही निवड नेमकी कशाच्या बळावर झाली असावी?

प्रतिसाद १
क्लबच्या कपाटातले करंडक मोजून पार्किनची उंची कळणार नाही. यॉर्कशायर कप तेवढा १९२४ मध्ये त्यांनी बॅटलीला ९-८ असे हरवून जिंकला. बाकी फारसे काही नाही. त्याचे खरे कर्तृत्व दौऱ्यांवर दिसते. १९२०, १९२४ आणि १९२८ अशा तिन्ही दौऱ्यांवर तो ब्रिटनच्या संघातून ऑस्ट्रेलिया व न्यूझीलंडला गेला आणि त्यांपैकी शेवटच्या दोन दौऱ्यांवर कर्णधार होता. १९२४ मध्ये सिडनीतल्या दोन्ही कसोटी २२-३ आणि ५-३ अशा जिंकून, तर १९२८ मध्ये ब्रिस्बेनला १५-१२ आणि सिडनीला ८-० असे जिंकून त्याच्या संघाने तिसऱ्या कसोटीआधीच अ‍ॅशेस (रग्बी लीगमधली ब्रिटन-ऑस्ट्रेलिया कसोटी मालिका) खिशात घातली. परक्या मैदानांवर, महिनोन्‌महिने घरापासून दूर राहून हे लागोपाठ दोनदा साधणे मला कोणत्याही करंडकापेक्षा मोठे वाटते.

प्रतिसाद २
वरील मताशी मी बव्हंशी सहमत आहे. मात्र १९२४ च्या त्याच दौऱ्यात न्यूझीलंडविरुद्धची मालिका १-२ अशी गमावली होती, हेही नोंदवायला हवे. पार्किन हाफबॅक, म्हणजे पुढची फळी आणि मागचे खेळाडू यांना जोडणारा खेळाडू होता, ही बाब मला अधिक महत्त्वाची वाटते. त्या काळी टॅकलच्या (चेंडू घेतलेल्या खेळाडूला पकडून अडवण्याच्या) संख्येवर मर्यादा नव्हती (ती १९६६ मध्ये आली), त्यामुळे स्क्रममधून, म्हणजे दोन्ही संघांचे पुढचे खेळाडू एकमेकांना भिडून चेंडूसाठी रेटारेटी करतात त्यातून, चेंडू मिळवणारा संघ तो कितीही वेळ स्वतःकडे ठेवू शकत असे. अशा खेळात स्क्रमच्या तोंडाशी वाकून चेंडू आत सोडणारा, तो मागून बाहेर येताच उचलणारा आणि पुढच्या क्षणी पास द्यायचा, किक मारायची की स्वतःच घुसायचे हे ठरवणारा माणूस तेरा जणांचा सामना चालवत असे. कर्णधारपदही त्याच्याकडेच असेल, तर वेगळे सांगायला नको.

प्रतिसाद ३
१९३० च्या प्रकरणाचा उल्लेख अजून कोणी केलेला नाही, याचे आश्चर्य वाटते. वेकफील्डने त्याला १०० पौंड किंमत लावून ट्रान्सफरच्या (दुसऱ्या क्लबला विकायच्या खेळाडूंच्या) यादीत टाकले, तेव्हा पार्किनने ती रक्कम स्वतःच भरून टाकली आणि मग तो हल किंग्स्टन रोव्हर्सकडे गेला. खेळाडूची नोंदणी क्लबच्या मुठीत असे आणि क्लबने सोडल्याशिवाय त्याला दुसरीकडे खेळता येत नसे, हे लक्षात घेतले म्हणजे या कृतीतला बाणेदारपणा कळतो.

प्रश्नकर्ता
आपणा सर्वांचे आभार. मग इतर खेळाडूंनी हाच मार्ग का धरला नाही? शंभर पौंड ही त्या काळी लहान रक्कम नव्हती हे मान्य, पण पदरी थोडी शिल्लक असलेला एखादा नामांकित खेळाडू तरी पुढे आला असता.

प्रतिसाद ३
तो मार्गच बंद करण्यात आला. पार्किनच्या उदाहरणानंतर खेळाडूने स्वतःची ट्रान्सफर फी स्वतः भरू नये, असा नियम झाला. क्लबांच्या दृष्टीने त्याला कारणही होते: फी भरून मोकळा झालेला खेळाडू नव्या क्लबशी स्वतःच्या अटींवर बोलणी करू शकला असता, आणि खेळाडूंच्या सौद्यांवरची क्लबांची पकड सुटली असती. खाणकामगारांच्या शार्लस्टन गावातून आलेल्या एका खेळाडूमुळे प्रशासकांना नियमपुस्तक उघडावे लागले, ही गोष्ट मी तरी त्याच्या दोन अ‍ॅशेस विजयांच्या शेजारीच ठेवीन.