प्राध्यापक भरतीच्या मुलाखतीत डावललं, हायकोर्टात जाऊन काही होतं का?

भूगोलवाली_सांगली:
नमस्कार सगळ्यांना. भूगोलात पीएचडी, सेट (प्राध्यापकाची राज्यस्तरीय पात्रता परीक्षा) आहे, नऊ वर्षं सीएचबीवर, म्हणजे तासिका तत्त्वावर, शिकवतेय. मागच्या महिन्यात एका अनुदानित कॉलेजात सहायक प्राध्यापकाच्या एका जागेसाठी मुलाखत दिली. शॉर्टलिस्टमध्ये माझा स्कोअर सगळ्यांत जास्त होता, नोटीस बोर्डावरच्या यादीचा फोटो आहे माझ्याकडे. आत गेले आणि पाच-सहा मिनिटांत बाहेर, दोनच प्रश्न, त्यातला एक गाव कोणतं म्हणून. पेपर्सची फाइल टेबलावर ठेवली होती, कुणी तिची दोरीसुद्धा सोडली नाही, बांधलेली तशीच उचलून आणली. ज्यांची निवड झाली त्यांची पीएचडी झालेली नाही, अनुभव दोन वर्षांचा. घरचे म्हणतात कोर्टाची पायरी चढू नकोस, पुढे कुठलंच कॉलेज उभं करणार नाही. माझं वय ३८ आहे, झोप उडालीय अक्षरशः. स्कोअरच्या जोरावर केस उभी राहील का?

वकील_कोल्हापूर:
ताई, फक्त स्कोअरवर नाही राहणार, हे आधीच सांगितलेलं बरं. यूजीसीच्या (विद्यापीठ अनुदान आयोग) २०१८ च्या नियमावलीत स्पष्ट लिहिलंय की तक्त्यातला शैक्षणिक स्कोअर मुलाखतीला बोलावण्यापुरताच धरायचा आणि निवड फक्त मुलाखतीतल्या कामगिरीवर करायची. मला स्वतःला हा नियम अन्यायाचा वाटतो, नऊ वर्षांचं काम पाच मिनिटांत पुसलं जातं, पण आज तो आहे. पीएचडी नसणं हाही मुद्दा होत नाही, नेट किंवा सेट असेल तर या पदाला पात्रता पुरी होते. आणि तज्ज्ञ समितीने कुणाला जास्त गुण दिले यात कोर्ट सहसा पडत नाही. म्हैसूर विद्यापीठाच्या इंग्रजीच्या रीडरची (प्राध्यापकाच्या खालचं पद) केस १९६३ ची, तेव्हापासून सुप्रीम कोर्टाची हीच भूमिका आहे, १९९० च्या सोळुंके निकालातही तेच.

कोर्ट ऐकतं ते प्रक्रियेतल्या चुकीवर. समिती नियमाप्रमाणे होती का, कोरम, म्हणजे किमान हजेरी, होता का, निवडलेला माणूस अर्जाच्या शेवटच्या तारखेला पात्र होता का, बिंदुनामावली (कोणती जागा कुठल्या आरक्षणाची याची यादी) बरोबर आहे का, कार्यवृत्त आणि गुणपत्रक त्याच दिवशी पूर्ण होऊन सगळ्यांच्या सह्या झाल्या का. समोरचे म्हणतील मुलाखत दिली, हरल्यावर तक्रार करताय, सुप्रीम कोर्टाचा मदनलाल निकाल, १९९५ चा, दाखवतील. त्याला उत्तर म्हणजे त्याच कोर्टाचा मीता सहाय निकाल, २०१९ चा, प्रक्रियेत भाग घेतला म्हणजे त्यातली बेकायदेशीर गोष्ट मान्य केली असं होत नाही.

मल्याळी_सून:
केरळच्या कण्णूर विद्यापीठाची केस बघा, आमच्या सासरी घरोघरी चर्चा होती. मल्याळमच्या सहयोगी प्राध्यापक पदासाठी एकाचा रिसर्च स्कोअर ६५१, निवड झाली त्यांचा १५६, पण कोर्टात सगळा वाद झाला तो पीएचडीच्या रजेचा काळ अध्यापनाचा अनुभव धरायचा की नाही यावर. नोव्हेंबर २०२२ मध्ये हायकोर्टाचे सिंगल जज निवडीच्या विरुद्ध गेले आणि जून २०२३ मध्ये तिथल्याच डिव्हिजन बेंचने (दोन न्यायाधीशांचं खंडपीठ) ते फिरवलं. म्हणजे जिंकून पण धाकधूक राहतेच.

माहितीवाला_सोलापूर:
आधी आरटीआय (माहिती अधिकाराचा अर्ज) टाका, अर्जाला दहा रुपयांचं कोर्ट फी तिकीट लावा, अनुदानित कॉलेजला लागू आहे. निवड समितीचं कार्यवृत्त, गुणपत्रक, हजेरीपत्रक, विद्यापीठाने दिलेल्या तज्ज्ञांच्या नावांचं पत्र हे मागा, आणि माझ्या अनुभवावरून सांगतो, तज्ज्ञांची प्रवासभत्त्याची बिलं मागायला विसरू नका, सह्या मागाहून घेता येतात पण बिलावर तारीख आणि प्रवास लिहावा लागतो. दुसऱ्यांचे गुण द्यायला नाही म्हणतील. पुणे जिल्हा न्यायालयाच्या क्लार्क भरतीत मुंबई हायकोर्टाने नोव्हेंबर २०२४ मध्ये गुण द्यायला सांगितलंय, ते जोडा. नव्या डेटा कायद्याने आरटीआयचं खाजगी माहितीचं कलम बदललंय, त्यामुळे अर्जातच कलम ८(२) म्हणजे सार्वजनिक हित लिहून टाका.

भूगोलवाली_सांगली:
खूप आभार. कोरमचं वाचून एक आठवलं, मी आत गेले तेव्हा टेबलाला चारच जण होते, दोन खुर्च्या रिकाम्या, पाण्याच्या बाटल्या न उघडलेल्या. मला वाटलं कुणी चहाला गेलं असेल. माझ्यानंतरच्या मुलीलाही चारच दिसले म्हणे.

वकील_कोल्हापूर:
ताई हे पहिल्यांदा सांगायचं होतं! कॉलेजच्या समितीला कोरम पाच जणांचा आणि विषयतज्ज्ञ तिघांपैकी किमान दोन हजर हवेत. चारच असतील आणि ते कागदावर दिसलं तर केस बरीच वेगळी होते. आज रात्रीच बसून लिहून काढा, किती वाजता आत गेलात, कोण कुठे बसलं होतं, त्या मुलीलाही वेगळं लिहायला सांगा, एकमेकींचं बघून नको. आरटीआयच्या उत्तराला तीस दिवस धरा पण तोवर हातावर हात ठेवून बसू नका, कॉलेजला आणि विद्यापीठाला लेखी हरकत लगेच द्या, निवडीला विद्यापीठाचं अप्रूव्हल (मान्यता) मिळायच्या आधी पोचली पाहिजे, पोच शिक्क्यासकट घ्या. रिट (हायकोर्टातली याचिका) करायची वेळ आली तर निवड झालेल्या उमेदवाराला पार्टी, म्हणजे प्रतिवादी, करावंच लागतं, नाहीतर तिथेच अडकतं. सांगलीकरांना आता मुंबईला खेटे घालायला नकोत, ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला मुंबई हायकोर्टाचं सर्किट बेंच आहे.

भूगोलवाली_सांगली:
हरकतीचं पत्र लिहायला घेतलंय. त्या मुलीला फोन केला, ती लिहून द्यायला तयार आहे, तिचीही सहा वर्षं सीएचबीत गेलीत.